उर्जेलच्या फेलिक्सला जाळलं नव्हतं

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत पाखंडी ठरलेल्या मध्ययुगीन ख्रिस्ती धर्मगुरूंवरच्या लेखमालेचा पहिला भाग वाचला. मराठीत हा विषय क्वचितच येतो, म्हणून लेखमालेचं स्वागत करतो. पण उर्जेलचा बिशप फेलिक्स याच्यावरच्या परिच्छेदात तीन विधानं आहेत आणि तिन्ही चुकीची आहेत. तो येशूला केवळ माणूस मानत होता, हे पहिलं. मुसलमान राज्यकर्त्यांना खूश ठेवण्यासाठी त्याने हे मत काढलं, हे दुसरं. आणि शेवटी त्याला जिवंत जाळलं, हे तिसरं. वर्तमानपत्रातल्या अशा मजकुराची कात्रणं विद्यार्थी जपून ठेवतात आणि तीच पुढे उत्तरपत्रिकेत उतरतात, म्हणून सविस्तर लिहितो आहे.

जाळण्याचं आधी निकालात काढू. फेलिक्स ८१८ साली लिआँ शहरात वारला, तिथल्या आर्चबिशपच्या देखरेखीत, आणि नैसर्गिक मृत्यूने. पश्चिम युरोपात पाखंडी म्हणून माणसं जाळल्याची पहिली ठळक नोंद १०२२ सालची आहे, ऑर्लिआँची, म्हणजे फेलिक्सनंतर दोनशे वर्षांनी. इन्क्विझिशन, म्हणजे पाखंड्यांची चौकशी करणारी चर्चची न्यायालयं, त्याहून पुढची, तेराव्या शतकातली. त्याआधी आव्हिलाचा बिशप प्रिसिलियन याला ३८५च्या सुमारास ट्रियरला ठार मारलं, ते खरं; पण तो शिरच्छेद होता, खटला सम्राट मॅक्सिमसच्या दरबारात चालला, आरोप जादूटोण्याचा होता, आणि तूरचा बिशप मार्टिन याने त्या वेळीच त्याला विरोध केला होता. आठव्या शतकात पाखंडी ठरलेल्या बिशपचं काय होई? लेखी कबुली, पद जाणं, आणि दूरच्या एखाद्या विश्वासू बिशपकडे किंवा मठात कायमची रवानगी. बिशप नसलेल्याचे हाल जास्त होत. गॉटशाल्क या साध्या भिक्षूला ८४९ साली फटके मारून स्वतःच्या हाताने स्वतःचे कागद आगीत टाकायला लावलं होतं. तिथेही जळाले ते कागद.

आता माणूस आणि त्याची जागा. उर्जेल पिरनीज पर्वताच्या दक्षिण उतारावर आहे, आजच्या अँडोराला लागून. ७११नंतर स्पेनचा बहुतेक भाग मुसलमान सत्तेखाली गेला. टोलेडोचं आर्चबिशपपद, म्हणजे स्पेनच्या चर्चची मुख्य गादी, कॉर्डोबाच्या अमिराच्या राज्यात होती. उर्जेल मात्र ७८०च्या दशकात फ्रँक लोकांचा राजा शार्लमेन याच्या ताब्यात आलं. शिकवण एकच, पण ती शिकवणारे दोघे दोन राज्यांत. टोलेडोचा एलिपांडस अमिराच्या हद्दीत असल्यामुळे शार्लमेनचा हात त्याच्यापर्यंत पोचला नाही आणि तो मरेपर्यंत आपल्या पदावर राहिला. खरं तर वादाला तोंड त्यानेच फोडलं होतं. शिक्षा भोगली फेलिक्सने, कारण तो सापडण्याजोगा होता.

वादाची सुरुवात मिगेशिअस नावाच्या एका उपदेशकापासून झाली. पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा म्हणजे इतिहासातले दावीद, येशू आणि पौल, असं काहीतरी तो शिकवत होता. त्याला खोडताना एलिपांडसने देवाचा शाश्वत पुत्र आणि मरियेपोटी जन्मलेला माणूस यांतला फरक ठासून मांडला, आणि त्या भरात मानवी स्वभावाच्या बाबतीत ख्रिस्त हा पित्याचा दत्तक पुत्र आहे, असं म्हटलं. हा प्रयोग त्याने नव्याने घडवला नव्हता. स्पेनच्या जुन्या उपासनाविधीत तो आहे, असा त्याचा दावा होता, आणि आपल्या आधीच्या टोलेडोच्या आर्चबिशपांची नावंही त्याने साक्षीला काढली. उत्तरेच्या डोंगरातल्या लिएबानाचा भिक्षू बिएटस आणि ओस्माचा बिशप एथेरिअस यांनी त्यावर दोन खंडांचं उत्तर लिहिलं. लिएबानाच्या माणसाने टोलेडोला शिकवलेलं कधी कुणी ऐकलं आहे का, असा एलिपांडसचा संताप त्याच्या पत्रात आहे. गादीचा मान हाही या भांडणातला एक धागा होता. फेलिक्स या वादात नंतर आला. पण दोघांत जास्त तर्कशुद्ध, जास्त वाचलेला आणि खासगी आयुष्यात निर्मळ म्हणून ओळखला जाणारा तोच होता. पुढे त्याचा कट्टर प्रतिस्पर्धी झालेल्या, शार्लमेनच्या मर्जीतल्या विद्वान अल्क्विननेही आधी त्याला आदराने आणि स्नेहाने पत्र लिहिलं होतं.

नेमकं मत काय होतं, हे कोल्हापूरच्या वाचकाला समजायला जड जाऊ नये. कागलच्या घाटगे घराण्यातले यशवंतराव १७ मार्च १८८४ रोजी दत्तक आले आणि शाहू छत्रपती झाले. जनक वडील जयसिंगराव आबासाहेब घाटगे, दत्तकाने वडील झाले ते निवर्तलेले चौथे शिवाजी महाराज. एकाच माणसाला जन्माने एक पिता आणि दत्तकाने दुसरा, यात या गावाला काही वावगं वाटत नाही. आपल्या जुन्या धर्मशास्त्रात तर दोन्ही घरांचा वारस राहणारा द्व्यामुष्यायण दत्तकही आहे. फेलिक्सचा युक्तिवाद याच जागेवरून सुरू होतो. कुणालाही दोन जनक पिते असू शकत नाहीत, असं तो म्हणतो; एक जन्माचा आणि एक दत्तकाचा असू शकतो. ख्रिस्त देव म्हणून पित्याचा औरस पुत्र आहे, ते त्याला शंभर टक्के मान्य होतं. पण माणूस म्हणून तो दावीदाच्या वंशात जन्मला. त्याचं मानवी शरीर आणि आत्मा हे पित्याच्या सत्त्वातून निघालेले नाहीत, ते निर्माण केलेले आहेत. मग त्या मानवी अंगाने तो देवाचा पुत्र झाला असेल, तर दत्तकानेच झाला असणार.

यामागे निव्वळ तर्कटपणा नव्हता. पौलाने रोमकरांना लिहिलेल्या पत्राच्या आठव्या अध्यायात विश्वासणाऱ्यांना दत्तकपणाचा आत्मा मिळाल्याचं सांगितलं आहे आणि ख्रिस्ताला पुष्कळ बंधूंमध्ये ज्येष्ठ म्हटलं आहे. फेलिक्स विचारतो, आपण सगळे दत्तक, आपण शरीराचे अवयव आणि ख्रिस्त मस्तक; मग अवयवांना जे लागू आहे त्यात मस्तकाचा वाटा नसेल, तर आपल्या दत्तकपणाला आधार कसला? 'पिता माझ्यापेक्षा थोर आहे' हे वचन, शेवटचा दिवस पुत्रालाही ठाऊक नसल्याचं वचन, अशी येशूच्या माणूसपणाची जेवढी वचनं आहेत तेवढी तो पुढे मांडतो. येशूचं माणूसपण पातळ होऊ नये, ही त्याची कळकळ होती. म्हणून 'केवळ माणूस मानत होता' हे विधान त्याच्यावर अन्याय करणारं आहे. तसं मानणारे वेगळे आणि फार आधीचे: दुसऱ्या शतकाअखेरचा बायझँटियमचा थिओडोटस, आणि २६८ साली अँटिऑकच्या सभेत पदच्युत झालेला समोसाटाचा पॉल. त्यांच्यासाठीही 'दत्तकवादी' हाच शिक्का वापरला जातो, आणि आपल्या लेखकांची गल्लत बहुधा तिथेच झाली.

विरोधकांचं उत्तरही तितकंच नेटकं होतं. दत्तक तोच जातो जो आधी त्या घरचा नसतो; स्वतःच्या औरस मुलाला बाप दत्तक घेऊ शकत नाही. मग हा माणूस पित्याच्या घराबाहेरचा कधी होता? मरियेच्या उदरात पहिल्या क्षणापासून तो देवाचा पुत्रच होता. माणूस आधी तयार झाला आणि देवाने त्याला नंतर जवळ केलं, असं घडलंच नाही. 'पुत्र' हे नातं व्यक्तीचं असतं, स्वभावाचं नसतं. ४५१च्या कॅल्सीडन सभेने ख्रिस्तात दोन स्वभाव आणि एकच व्यक्ती सांगितली. व्यक्ती एक, म्हणून पुत्रपणही एक. त्याच्यात दोन पुत्रपणं मोजली की हळूच दोन व्यक्ती होतात, आणि हे मत इफिससच्या सभेत ४३१ साली कॉन्स्टँटिनोपलचा आर्चबिशप नेस्टोरिअस याच्याबरोबर दोषी ठरलेलं आहे. माझ्या मते तर्काच्या दृष्टीने अल्क्विनची बाजू भक्कम आहे. मात्र हा शेवटचा दुवा त्याने स्वतः जोडलेला आहे, हे विसरून चालणार नाही. फेलिक्स आणि एलिपांडस दोघेही ख्रिस्त ही एकच व्यक्ती आहे असं म्हणत होते.

मुसलमान राज्यकर्त्यांना खूश ठेवण्याची गोष्ट तर कुराण उघडून पाहिलं तरी गळून पडते. देव पुत्र घेत नाही, त्याला ते शोभत नाही, असं तिथे पुन्हा पुन्हा आलं आहे. अमिराच्या दरबारी 'दत्तक पुत्र' हे 'औरस पुत्र' याच्याइतकंच अमान्य. उलट 'पुत्र घेणं' याच कल्पनेला तिथे थेट नकार आहे. एलिपांडसच्या पत्रांत रोख आहे तो मिगेशिअसवर आणि नंतर बिएटसवर. फेलिक्सने एका मुसलमानाशी केलेल्या वादाचं पुस्तक आहे असं ऐकून अल्क्विनने त्याची चौकशी केली होती. ते पुस्तक आज उपलब्ध नाही, पण इस्लामशी फेलिक्सचा संबंध वादीप्रतिवादीचा होता एवढं त्यावरून कळतं.

लेखात 'एका सभेत निकाल लागला' असं आहे. निकाल लागायला सात वर्षं गेली, आणि ती का गेली हाच या प्रकरणातला सर्वांत शिकण्यासारखा भाग आहे.

७९२ साली शार्लमेनने फेलिक्सला रेगेन्सबुर्गला बोलावलं. राजासमोर बिशपांची सभा, फेलिक्सचं म्हणणं, त्याचं खंडन, आणि फेलिक्सची माघार. मग अँगिलबर्ट नावाच्या दरबारी मठाधिपतीबरोबर त्याला रोमला धाडलं. तिथे पोप पहिला हेड्रियन याच्यापुढे त्याने पुन्हा लेखी कबुली दिली आणि शपथ घेतली. एवढं झाल्यावर त्याला उर्जेलला परत सोडलं, आणि तिथेच काम बिघडलं. त्याच्या गावचे पाद्री त्याच्याच मताचे, उपासनेची पुस्तकं तीच, एलिपांडसची पत्रं येत होतीच. शिवाय त्याला पटवलं कुणी नव्हतं, नमवलं होतं. थोड्याच काळात तो सीमा ओलांडून मुसलमान राज्यात गेला आणि पुन्हा तेच शिकवू लागला.

७९४च्या जूनमध्ये फ्रँकफुर्टला मोठी सभा भरली. फेलिक्स तिथे नव्हता. अक्विलियाचा पॉलिनस याने इटलीच्या बिशपांच्या वतीने लिहिलेल्या पत्रात सभेचं वर्णन आहे: बिशप गोलाकार बसलेले, एलिपांडसचं पत्र मोठ्याने वाचलं गेलं, मग राजा सिंहासनावरून उठून पायरीवर उभा राहिला, श्रद्धेबद्दल बराच वेळ बोलला आणि त्याने सभेला विचारलं, तुम्हाला काय वाटतं? बिशपांनी लगेच उत्तर दिलं नाही. विचार करून लेखी मत द्यायला काही दिवसांची मुदत मागून घेतली. शेवटी स्पेनला कागद गेले ते पोपचं पत्र, इटालियन बिशपांचं, फ्रँक बिशपांचं आणि स्वतः राजाचं. फ्रँक बिशपांच्या पत्रात एक जिव्हारी लागणारं वाक्य आहे. तुमचे पूर्वज असलं लिहून गेले, म्हणूनच तुम्ही परधर्मीयांच्या हाती पडलात, असा त्याचा आशय. परक्या सत्तेखाली आपली उपासना जपणाऱ्या लोकांना हे ऐकवल्यावर समेट होणार कसा? हे वाक्य फ्रँक बिशपांनी लिहायला नको होतं.

या सभेच्या ठरावांत पहिलं कलम दत्तकवादाच्या निषेधाचं, दुसरं मूर्तिपूजेबद्दलचं, तिसरं बव्हेरियाच्या पदच्युत ड्यूक टॅसिलोबद्दलचं, आणि चौथं धान्याच्या भावाचं: एक मोडिअस (धान्याचं माप) ओट एक दिनार, बार्ली दोन, राय तीन, गहू चार. पाचवं नव्या नाण्यांचं. धर्म, दंड, बाजार आणि टांकसाळ एकाच कागदावर. त्या काळात 'धर्मसभा' म्हणजे काय असे, हे या पाच कलमांवरून लगेच लक्षात येईल.

फ्रँकफुर्टनेही फेलिक्स गप्प बसला नाही. त्याने नवं पुस्तक लिहिलं, ते शार्लमेनमार्फत अल्क्विनकडे आलं, आणि आता पद्धत बदलली. अल्क्विनने राजाला सुचवलं की या पुस्तकाच्या प्रती पोप, पॉलिनस, ट्रियरचा रिखबोड आणि ऑर्लिआँचा थिओडुल्फ यांना पाठवाव्यात, प्रत्येकाने स्वतंत्र उत्तर लिहावं आणि मग उत्तरं ताडून पाहावीत. दुसऱ्या बाजूने लिआँचा लेड्राड, नार्बनचा नेफ्रिडिअस आणि आनिआनचा बेनेडिक्ट यांना पिरनीजच्या गावांत पाठवलं, कारण नुसता बिशप वळवून भागत नाही, त्याची माणसं वळवावी लागतात, हे ७९२च्या अनुभवाने कळलं होतं. मोकळेपणाने बोलू दिलं जाईल असं आश्वासन देऊन लेड्राडने फेलिक्सला आखनला आणलं. ७९९ साली तिथे राजासमोर अल्क्विन आणि फेलिक्स यांचा वाद सोमवार ते शनिवार चालला.

फेलिक्सने माघार घेतली आणि उर्जेलच्या पाद्र्यांना उद्देशून कबुलीपत्र लिहिलं. ते आज उपलब्ध आहे. त्यात तो लिहितो की अलेक्झांड्रियाचा सिरिल, पोप लिओ आणि पोप ग्रेगरी यांची जी वचनं दाखवण्यात आली, ती आपल्याला आधी ठाऊक नव्हती. हे नुसतं तोंडदेखलं मानू नये. हस्तलिखितांच्या काळात एका डोंगरी बिशपच्या कपाटात कोणती पुस्तकं आहेत यावर त्याची शिकवण ठरत असे. स्पेनच्या परंपरेत जे होतं त्यावरून फेलिक्सने विचार केला; अल्क्विनकडे वेगळी पुस्तकं होती. मात्र या वेळी त्याला घरी जाऊ दिलं नाही. उर्जेलचं पद गेलं आणि लेड्राडच्या ताब्यात लिआँला उरलेलं आयुष्य गेलं.

त्याचं मन खरोखर पालटलं होतं का? लेड्राडनंतर लिआँचा आर्चबिशप झालेल्या अगोबार्डला फेलिक्सच्या मृत्यूनंतर त्याचा एक कागद मिळाला, प्रश्नोत्तरांच्या रूपात, आणि त्यात जुनंच मत होतं. अगोबार्डने त्यावर लगोलग खंडनग्रंथ लिहिला. मला वाटतं, आखनला पुराव्यांपुढे तो खरोखर निरुत्तर झाला असेल, पण माणूसपणाबद्दलचा त्याचा प्रश्न सुटलेला नव्हता.

आपल्या लेखकांना एक सुचवावंसं वाटतं. फेलिक्सचं जवळपास सगळं लिखाण आज त्याच्या विरोधकांच्या ग्रंथांतून उरलं आहे: अल्क्विनचे सात खंड, पॉलिनसचे तीन, अगोबार्डचा एक. अल्क्विन आधी फेलिक्सचं वाक्य देतो आणि मग त्यावर तुटून पडतो. तेव्हा वाचताना उद्धृत वाक्यं एका कागदावर वेगळी काढावीत आणि विरोधकाने काढलेले निष्कर्ष दुसऱ्या कागदावर. 'याचा अर्थ तू ख्रिस्ताला देव मानत नाहीस' हे वाक्य नेहमी दुसऱ्या कागदावर जातं. फेलिक्स ख्रिस्ताच्या मानवी अंगाला 'नावापुरता देव' म्हणतो, हे मात्र त्याच्याच तोंडचं आहे, आणि 'केवळ माणूस' ही समजूत बहुतेक तिथून पसरली. ते वाक्य मानवी अंगापुरतं आहे, हा संदर्भ सोडला की अर्थाचा अनर्थ होतो.

या प्रकरणाचा एक परिणाम आजही ऐकू येतो. वालाफ्रिड स्ट्राबो हा नवव्या शतकातला लेखक नोंदवतो की फेलिक्सच्या पदच्युतीनंतर फ्रँक राज्यात मिस्सेमध्ये, म्हणजे चर्चच्या मुख्य उपासनेत, विश्वासांगीकार (श्रद्धेची ठरलेली कबुली) अधिक प्रमाणात आणि वारंवार म्हटला जाऊ लागला. रोमने मात्र तो मिस्सेत घ्यायला अकराव्या शतकापर्यंत वेळ घेतला. आपल्या शहरातल्या ख्रिस्ती वाचकांनी तो कधी ना कधी म्हटलेला आहे. १८५२ साली अमेरिकन मिशनरी रॉयल वायल्डर कोल्हापुरात आले तेव्हापासून इथल्या मंडळीला मोठा इतिहास आहे. त्यांच्या श्रद्धेतल्या वादांबद्दल लिहिताना निदान कोण काय म्हणाला एवढं बिनचूक असावं.

पुढच्या भागात नेस्टोरिअस येणार असल्याचं आपण जाहीर केलं आहे. तिथेही हीच काळजी घ्यावी. इफिससला त्याच्याविरुद्धचा निकाल २२ जून ४३१ रोजी एकाच दिवसात लागला आणि अँटिऑकचा जॉन आपल्या बिशपांसह चार दिवसांनी पोचला. त्याने वेगळी सभा भरवून, पहिली सभा चालवणाऱ्या अलेक्झांड्रियाच्या सिरिललाच उलट पदच्युत ठरवलं. नेस्टोरिअसलाही कुणी जाळलं नाही, तो इजिप्तमध्ये हद्दपारीत वारला. आणि फेलिक्सच्या वाट्याला न आलेली एक गोष्ट त्याच्या वाट्याला आली: त्याने स्वतःच्या बचावासाठी लिहिलेलं पुस्तक सिरियाक भाषांतरात सापडलं आणि १९१० साली छापलं गेलं. त्यात तो दोन पुत्रांचा आरोप स्पष्टपणे नाकारतो. लेख लिहिण्याआधी ते वाचलं जावं, ही विनंती.

आपला,
चर्चच्या इतिहासाचा एक अभ्यासक,
कोल्हापूर